मागितलेले जग

इतिहासाच्या पुस्तकांत भिंगारचे नाव ठळकपणे येते ते दोन प्रसंगांनी. १४९० मध्ये मलिक अहमदने या परिसरात बहमनी फौजेचा पराभव केला आणि पुढे चार वर्षांनी शेजारीच सीना नदीकाठी आपले नगर शहर वसवायला घेतले. १७०७ मध्ये औरंगजेब याच गावच्या छावणीत मरण पावला. एकदा एक सत्ता जन्माला आली, एकदा एका सत्तेचा शेवट सुरू झाला, आणि भिंगारची ओळख कायमची लष्करी होऊन बसली. पण भिंगारला मध्यबिंदू धरून नकाशा पाहिला तर या भागाचा आणखी एक इतिहास दिसतो, आणि तो प्रार्थनांचा आहे. ईशान्येला संभाजीनगरच्या रस्त्यावर नेवासे आहे. तिथे शके १२१२ मध्ये, म्हणजे १२९० साली, ज्ञानेश्वरीच्या शेवटी पसायदान मागितले गेले. भिंगारला लागूनच असलेल्या नगर शहरात नारायण वामन टिळकांनी मराठी ख्रिस्ती भजनाला त्याचा सूर मिळवून दिला. दक्षिणेला अरणगावजवळ मेहेराबाद आहे. मौन धरलेल्या एका माणसाने दिलेली प्रार्थना तिथे रोज म्हटली जाते. कल्पित जगातले पवित्र स्तोत्र हा या प्रस्तावनेचा विषय. तो परक्या अद्भुत कादंबऱ्यांतून आलेला वाटतो खरा, पण त्याचा विचार करायला लागणारी सगळी सामग्री या टापूत आहे.

आधी विषयाची हद्द आखून घेऊ. लेखक एखादे जग पूर्णपणे स्वतःच्या कल्पनेतून उभे करतो. त्यात डोंगर, नद्या, राजघराणी आणि देव असतात, आणि त्या देवांना आळवणारी माणसेही असतात. टॉल्किनच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' (१९५४-५५) मध्ये एल्फ लोक एल्बेरेथ या तारकांच्या राणीचे स्तोत्र गातात. उर्सुला ले ग्विनच्या अर्थसी बेटांवर सृष्टीच्या निर्मितीचे गीत हे सर्वांत जुने गीत आहे आणि ते सणाला म्हटले जाते. मराठीत जी. ए. कुलकर्णींच्या 'रमलखुणा' (१९७५) मधल्या 'इस्किलार' या कथेत कोणत्याही ज्ञात भाषेत न बसणारे शब्द मंत्रासारखे येतात. असे लेखन मराठीत आता अधिक होऊ लागले आहे, म्हणून एक प्रश्न नीट सोडवायला हवा. कल्पित जगातली लढाई पटते, प्रेम पटते, बाजारपेठही पटते. पण स्तोत्र आले की वाचक बहुधा ते ओलांडून पुढे जातो. असे का होते? माझे उत्तर असे आहे: स्तोत्राला आपण वर्णन समजतो, आणि खरे तर ते मागणे असते. मागण्याची रीत समाजाकडून येते, मागितलेले जग कवीचे असते. ही विभागणी उलटी झाली, म्हणजे रीत कवीने मनाने बेतली आणि जग मात्र इकडूनतिकडून उचलले, की स्तोत्र खोटे वाटू लागते.

पसायदान या दृष्टीने वाचून पाहावे. शाळेतल्या प्रार्थनेत, कीर्तनाच्या अखेरीस, सभासमारंभांच्या शेवटी ते इतके कानावर पडते की त्यातले जग किती अद्भुत आहे हे आपल्या लक्षातही येत नाही. त्यात कल्पवृक्षांची बने चालत येतात. चिंतामणी हा रत्नाचा खडा न राहता जिवंत होतो, आणि एकदोन नव्हे, चिंतामण्यांची गावेच्या गावे असतात. अमृताचे समुद्र बोलतात. चंद्रांवर डाग नसतो आणि सूर्य तापत नाहीत. अशी सृष्टी कोणत्याही अद्भुत कादंबरीत शोभून दिसेल. आता ही सृष्टी कशापासून बनली आहे ते पाहू. कल्पतरू, चिंतामणी, अमृत, चंद्र, सूर्य यांतले एकही नाव ज्ञानदेवांचे नाही. पुराणे ऐकणाऱ्या कोणत्याही श्रोत्याला ती ठाऊक होती. पुराणातला कल्पतरू मात्र इंद्राच्या बागेत उभा असतो आणि त्याच्यापर्यंत पोचायला गाठीशी पुण्य लागते. नेवाशाच्या ओवीत तोच वृक्ष मुळे उचलून माणसांच्या दिशेने निघतो. वस्तू जुन्या ठेवून ज्ञानदेवांनी त्यांची क्रिया बदलली. उभे होते ते चालू लागले, जड होते ते जिवंत झाले, मुके होते ते बोलू लागले. स्वर्ग खाली आणण्यासाठी एकाही नव्या देवाचे नाव काढावे लागले नाही.

या मागण्याची मांडणीही तितकीच विचारपूर्वक आहे. आरंभी पूर्ण झालेल्या कामाचा हवाला येतो. नऊ हजारांवर ओव्यांचा वाणीचा यज्ञ झाला आहे, आता त्याने संतुष्ट होऊन द्यावे, असा तो हवाला आहे. याचक रिकाम्या हाताने आलेला नाही. मग दुष्टांविषयीचे मागणे येते, आणि तिथे त्यांचा नाश न मागता त्यांचा वाकडेपणा जावा असे मागितले जाते. संन्याशाची मुले म्हणून ज्यांना समाजाने दूर लोटले असे परंपरा सांगते, त्यांच्यापैकी एकाने केलेले हे मागणे आहे, आणि त्यात गाऱ्हाण्याचा एक शब्दही नाही. त्यानंतर प्राणिमात्रांची मैत्री, अंधाराचे जाणे, ज्याला जे हवे ते मिळणे, आणि मग ती चालती-बोलती सृष्टी. शेवटी सगळ्यांत महत्त्वाची गोष्ट घडते: स्तोत्रातच उत्तर मिळते. हे दान दिले जाईल असे समोरून म्हटले जाते आणि मागणारा सुखी होतो. म्हणजे नऊ ओव्यांमध्ये केलेले काम, मागणे, मागितलेल्या जगाचे दर्शन आणि होकार असा पूर्ण व्यवहार आहे. कल्पित जगाच्या लेखकाने पसायदानाकडे पाहावे ते या व्यवहारासाठी. देवाचे वर्णन त्यात फारसे नाहीच. देव कसा दिसतो, त्याला हात किती, वाहन कोणते, हे काही कळत नाही. पण तो मागणे ऐकणारा आहे आणि त्याच्याकडे काय मागता येते हे पक्के कळते, आणि जगाची घडण तेवढ्यावरून उमगते.

इथे जाणकार वाचक हरकत घेईल. चालते कल्पतरू आणि बोलते समुद्र ही संतांसाठी योजलेली रूपके आहेत. ईश्वरनिष्ठ सज्जनांचा मेळा प्राणिमात्रांना भेटत राहो, असे ते मागणे आहे. त्यातून कल्पित जग काढणे म्हणजे अलंकाराला भूगोल समजणे. हरकतीचा पहिला भाग पूर्ण बरोबर आहे. ती विशेषणे सज्जनांचीच आहेत, आणि ती तशी आहेत म्हणूनच हे जग पटते. त्या बनांत चालणारी माणसे आहेत, त्या समुद्रांच्या बोलण्यात उपदेश आहे. अद्भुत हे माणसांच्या वागण्याला जोडलेले आहे. नुसता भूगोल सांगितला असता तर ती स्वर्गाची जाहिरात झाली असती. उलट नुसता उपदेश केला असता तर सातशेहून अधिक वर्षे तो कोणी गात बसले नसते. रूपक आणि जग यांची फारकत न करता येणे हीच स्तोत्रातल्या कल्पनेची खूण आहे.

दुसरी हरकत श्रद्धेची आहे आणि तिचा मान राखून उत्तर द्यायला हवे. ज्या ओव्या लाखो लोक प्रार्थना म्हणून म्हणतात, त्यांना एखाद्या कादंबरीकाराच्या रचलेल्या देवाच्या पंगतीत बसवणे योग्य आहे का? मी त्या दोहोंना एका मोलाचे मानत नाही. कादंबरीतल्या एल्बेरेथसमोर कोणी नैवेद्य ठेवत नाही, ठेवूही नये. पण श्रद्धेचे स्तोत्र कसे घडते हे पाहिल्यानेच रचलेले स्तोत्र कुठे उणे पडते ते कळते. या अभ्यासाने श्रद्धेचे काही कमी होत नाही. उलट रोजच्या सवयीने गुळगुळीत झालेल्या ओव्या पुन्हा डोळे उघडून वाचल्या जातात.

आता रीत समाजाची असते, या म्हणण्याचा पुरावा. तो शोधायचा तर जिथे देव नवा, पंथ नवा आणि तरी स्तोत्र लोकांच्या तोंडी बसले, अशी उदाहरणे पाहायला हवीत, कारण कल्पित जगाचा लेखक नेमक्या त्याच अडचणीत असतो. मराठीत अशी उदाहरणे भरपूर आहेत. थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट १५७९ मध्ये गोव्यात आला. त्याचे 'ख्रिस्तपुराण' १६१६ मध्ये रायतूरला रोमन लिपीत छापले गेले. त्यात सुमारे अकरा हजार ओव्या आहेत. ग्रंथाच्या आरंभीच एक बाटलेला ब्राह्मण पाद्रीला सांगतो की पूर्वी आम्हाला पुराणे होती, आता त्यांच्या जागी वाचायला काहीतरी द्या. स्टीफन्सने ती गरज ओळखली. कथा बेथलेहेमची, पण नमन, श्रोत्यांना संबोधन आणि ओवी ही पुराणिकाची.

दुसरे उदाहरण टोकाचे आहे, म्हणून अधिक बोलके आहे. जोतीराव फुल्यांनी १८७३ मध्ये सत्यशोधक समाज स्थापन केला. पुराणे, भटशाही, मूर्तिपूजा या सगळ्यांवर त्यांनी कठोर टीका केली. ईश्वराला त्यांनी 'निर्मीक' हे नवे नाव दिले. ज्याला परंपरेचे ओझेच नको होते त्याने प्रार्थनेचा साचाही नवा घडवला असता, असे वाटेल. त्यांनी लिहिले ते 'अखंड', आणि त्यांची ठेवण सरळ तुकोबांच्या अभंगाची आहे. सत्यशोधक विवाहासाठी त्यांनी मंगलाष्टके रचली. त्यांत वधू स्त्रीच्या हक्कांचे मागणे करते आणि वर तसे वचन देतो. मंगलाष्टकाचा प्रसंग तोच, अंतरपाटासमोर उभी राहिलेली दोन माणसे तीच. मागितलेले जग मात्र तोवर कुठल्याच मांडवात मागितले गेले नव्हते. माझ्या मते रीत जुनी आणि जग नवे याचा मराठीतला हा सर्वांत धाडसी नमुना आहे, आणि काव्यचर्चेत त्याची दखल फारच कमी घेतली गेली.

तिसरे उदाहरण नगरचे. अमेरिकन मराठी मिशनचे काम नगरला १८३१ पासून सुरू झाले. मराठी मंडळ्यांत गायली जाणारी गीते दीर्घकाळ बऱ्याच प्रमाणात इंग्रजी गीतांची भाषांतरे होती आणि चालीही तिकडच्याच होत्या. कृष्णा रत्नाजी सांगळे यांच्यासारख्यांनी कीर्तन आणि देशी चाली आणून वाट काढली. पण ती वाट रुळवली टिळकांनी. १८९५ मध्ये बाप्तिस्मा घेतल्यानंतर त्यांच्या आयुष्याचा मोठा काळ नगर जिल्ह्यात गेला. आपण तुकारामांच्या पुलावरून ख्रिस्ताकडे आलो, असे ते सांगत. त्यांची दोनशेहून अधिक भजने मराठी चर्चच्या उपासनेत आली आणि आजही गायली जातात. त्यांत ख्रिस्त कधी माउली होतो, कधी गुरू होतो, कधी सखा होतो; वारकऱ्याने विठ्ठलाशी जी जी नाती जोडली ती सगळी इथे नव्या देवाशी जोडली जातात. भाषांतरित गीतांत धर्मशास्त्र चोख होते, तरी ती ओठांवर रेंगाळली नाहीत, कारण त्यांतला मागणारा मराठी नव्हता. टिळकांनी मागणारा मराठी केला. त्यांचे 'ख्रिस्तायन' हे महाकाव्य अपुरे राहिले, पहिल्या अकरा अध्यायांपुढे त्यांचा हात पोचला नाही. ते पुढे त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाईंनी नेले. शालेय शिक्षण न लाभलेल्या बाईला असे काव्य पेलता आले, कारण ओवीचा ठेका तिच्या कानात जात्यापासून मुरलेला होता. साचा लोकांचा असला की कवीमागे दुसरा कवी उभा राहू शकतो.

अरणगावचे उदाहरण या सगळ्यांहून वेगळे आहे. पुण्याच्या इराणी जरथुष्ट्री घरात जन्मलेले मेहेरबाबा १० जुलै १९२५ पासून मौनात होते. ते मौन १९६९ मध्ये देह ठेवेपर्यंत टिकले. १९५३ मध्ये त्यांनी जी प्रार्थना दिली ती अक्षरफलकावर एकेक अक्षर दाखवून. बोलण्याचाच त्याग केलेल्या माणसाची ही रचना. तीत एखादे अश्रुतपूर्व नाव येईल अशी अपेक्षा करावी. येतात ती परवरदिगार, परमात्मा, अल्लाह, अहुरमज्द अशी ज्यांच्या त्यांच्या घरातली नावे, एकामागून एक. नवेपणा त्यांच्या शेजारी असण्यात आहे.

आता या मांडणीवरचा सर्वांत कठीण आक्षेप. टॉल्किनने तर भाषाच निर्माण केली. एल्बेरेथचे स्तोत्र रिव्हेंडेल या एल्फांच्या ठिकाणी, तिथल्या दालनात, सिंदारिन या त्याने रचलेल्या भाषेत येते आणि तिथे त्याचा अनुवादही दिलेला नाही. तो लेखकाने १९६७ मध्ये डोनाल्ड स्वान यांच्या स्वरलिपीच्या पुस्तकात दिला. तरीही जगभरच्या वाचकांना ते स्तोत्र भिडले. मग समाजाची रीत कुठे राहिली? ती तिथेही आहे, थोडी खोल आहे इतकेच. सिंदारिनचा ध्वनी टॉल्किनने वेल्श भाषेवरून घेतला. स्तोत्राच्या ओळी चार आघातांच्या आहेत आणि ही ठेवण ख्रिस्ती लॅटिन स्तोत्रांत शतकानुशतके रुळलेली होती. टॉल्किन निष्ठावान कॅथलिक होता, आणि दुरून, अंधारातून तारकांच्या राणीला हाक मारण्याची ती तऱ्हा मेरीच्या भक्तीतून आली आहे. त्याने स्वतः १९५३ च्या एका पत्रात आपले लेखन मुळात धार्मिक आणि कॅथलिक आहे असे लिहून ठेवले. शब्द अनोळखी, हाक ओळखीची. वाचकाला अर्थ कळला नाही तरी इथे कोणी कोणाला तरी आर्तपणे पुकारत आहे हे कळले ते त्यामुळे.

याच आक्षेपाची दुसरी बाजू अशी की पवित्र शब्द निरर्थक असला तरी चालतो, किंबहुना तसाच शोभतो. ले ग्विनच्या 'द टूम्ब्स ऑफ आटुआन'मध्ये पुजारणींच्या पाठाचा अर्थ काळाच्या ओघात पुसला गेला आहे. आपल्याकडे सामगानातल्या स्तोभाक्षरांना वाच्यार्थ नसतो. जी.एं.च्या कथेतले शब्दही अर्थाआधी नादाने पकडतात. तर मग काही गूढ अक्षरे जुळवली की झाले स्तोत्र? नाही. सामगानात अर्थ नसला तरी नियम काटेकोर आहे. कुठे लांबवायचे, कुठे थांबायचे, कोणी कोणता भाग म्हणायचा हे ठरलेले आहे, आणि पिढ्यांनी ते जपले आहे. आटुआनमध्येही अर्थ गेला तरी पाठ करणाऱ्या बायका, तिथी आणि जागा राहिली. अर्थ गळून पडतो तेव्हा मागे रीत उरते. कल्पित जग रचणारे अनेक लेखक अर्थही देत नाहीत आणि रीतही देत नाहीत, मग कागदावर उरतात नुसते जोडाक्षरांचे ढीग. निरर्थकता शोभण्यासाठी तिच्या मागे वापराचा काळ असावा लागतो, आणि कथेत तो काळ दाखवावा लागतो.

हे सगळे मान्य केले तर कल्पित जग शेवटी महाराष्ट्राचीच नक्कल ठरेल, अशी भीती काही तरुण लेखकांना वाटते. ओवी आली, आरती आली, टाळ आला, म्हणजे परका ग्रह कुठे उरला? ही भीती समजण्यासारखी आहे. पण वरची उदाहरणे तिला पुरेसे उत्तर देतात. बेथलेहेम ओवीत आल्याने नेवासे झाले नाही. निर्मीक अभंगाच्या घडणीत आल्याने पंढरीचा विठोबा झाला नाही. जग वेगळे ठरते ते मागण्यावरून. ज्या प्रदेशात सूर्य कधी मावळत नाही तिथली माणसे प्रकाश मागणार नाहीत, सावली मागतील. जिथे मेलेले परत येतात तिथली प्रार्थना कदाचित त्यांनी परत येऊ नये अशी असेल. कमी पावसाच्या या जिल्ह्यात लहानाचा मोठा झालेल्या लेखकाला मागण्याचे मोल वेगळे सांगायला नको. आपल्या कल्पित भूमीत कशाची वाण आहे हे त्याने आधी ठरवावे. देवाचे नाव मागाहून ठेवता येते.

स्तोत्राला खरा भक्त हवा आणि कादंबरीत तो कुठून आणणार, हा शेवटचा आक्षेप. पात्रे कागदी आहेत, त्यांची भक्ती कागदी राहणार. याचे उत्तर टॉल्किननेच दिले आहे, तेही दालनातल्या समारंभात नव्हे. शेलॉब या राक्षसी कोळिणीसमोर सॅम हा साधा माळी एकटा पडतो, आणि त्याच्या तोंडून त्याला येत नसलेल्या भाषेत एल्बेरेथची हाक निघते. आधी ऐकलेले स्तोत्र संकटात आठवले, अपुरे आठवले, पण उपयोगी पडले. वाचकाचा विश्वास बसतो तो तिथे. स्तोत्र पूर्ण छापून द्यावे की नाही हा प्रश्न त्यामुळे दुय्यम ठरतो. ते कोणाला, कधी, किती अपुरे आठवते हे महत्त्वाचे. मराठी लेखकाला हे परके वाटू नये. आपल्याकडे आजारपणात, प्रवासात, रात्रीच्या भीतीत माणसे पूर्ण रामरक्षा म्हणतातच असे नाही. आठवेल तेवढी म्हणतात आणि धीर धरतात.

म्हणून या वाटेने जाणाऱ्या लेखकांना माझी विनंती आहे. नव्या देवांची वंशावळ बांधण्याआधी नेवाशाच्या नऊ ओव्या, फुल्यांचे अखंड आणि टिळकांची भजने मोठ्याने म्हणून पाहा. मग आपल्या जगातल्या एका माणसाला काहीतरी नक्की मागू द्या, आणि ते त्याला मिळेल की नाही हे कथेने ठरवू द्या.

— भिंगार